व्रत कुणाचं, श्रम कुणाचे?

गेल्या वर्षी आटगावात आमच्या मंडळाच्या खोलीत एका पुस्तिकेचं प्रकाशन झालं. तानसाच्या वाटेवरच्या ठाकूर, कातकरी आणि वारली पाड्यांवर बायकांनी सांगितलेली गाणी, लग्नातले विधी, वीटभट्टीवरच्या आठवणी असं सगळं आम्ही ६४ पानांत बसवलं होतं. प्रती ५००, छपाई कल्याणची. छापखान्याचं अर्धं बिल थकलेलं होतं आणि जे भरलं होतं, त्यातले काही पैसे बचत गटातल्या दोघींकडून उसने घेतलेले होते. कार्यक्रमाला तालुक्यातले एक पदाधिकारी पाहुणे म्हणून आले. त्यांनी भाषणात सांगितलं, ''अशा कामाला पैसा लागत नाही, व्रत लागतं. ताईंनी हे व्रत घेतलं आहे.'' टाळ्या पडल्या. मीही हात जोडले.

चहा झाल्यावर एक आजी पुस्तिका घेऊन माझ्याकडे आल्या. यातली सात गाणी त्यांची. वाचता येत नाही म्हणून त्यांनी नातीला आपलं नाव शोधायला सांगितलं होतं. नात आश्रमशाळेत आठवीला आहे. तिने पुठ्ठ्यापासून पुठ्ठ्यापर्यंत सगळी पानं पाहिली. नाव नव्हतं. मुखपृष्ठावर 'संकलन' म्हणून माझं नाव होतं आणि आत एका ओळीत 'सहभाग : पाड्यांवरील महिला' असं लिहिलं होतं. आजी रागावल्या नाहीत. त्यांनी एवढंच विचारलं, ''मग हे कुणाचं?''

पाहुण्यांचं वाक्य आणि आजींचा प्रश्न, दोन्ही वर्षभर डोक्यात आहेत. आदिवासी, भटक्या, दलित समाजांसाठी पुस्तकं काढणाऱ्या माणसांबद्दल आपण ज्या भाषेत बोलतो, ती भाषा मला आता संशयास्पद वाटू लागली आहे. म्हणून हा लेख.

मी समाजकार्याचं पदव्युत्तर शिक्षण घेत होते, तेव्हा महाविद्यालयाच्या ग्रंथालयात 'सुगावा'ची पुस्तकं पहिल्यांदा हातात आली. साधा कागद, साधी बांधणी आणि विद्यार्थ्याला परवडेल अशी किंमत. 'सुगावा प्रकाशन' १९७२ साली पुण्यात विलास वाघ यांनी सुरू केलं. उषा वाघ त्यात त्यांच्या बरोबरीने होत्या. पत्ता सदाशिव पेठेतला आणि पुस्तकं फुले-आंबेडकरी विचारांची, दलितांची, आदिवासींची, भटक्या-विमुक्तांची, बायकांची. ज्या लेखकाला मोठ्या प्रकाशकाच्या दारात बसायला खुर्ची मिळत नव्हती, त्याला इथे ती मिळाली. पुस्तकांच्या जोडीने 'सुगावा' मासिकही चाललं. ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांचं 'आम्हीही इतिहास घडवला' हे आंबेडकरी चळवळीतल्या स्त्रियांवरचं पुस्तक १९८९ साली मुंबईत 'स्त्री उवाच'ने काढलं होतं. पुढे त्याची आवृत्ती 'सुगावा'ने काढली. बायकांच्या गटाने लावलेलं रोप दुसऱ्या एका छोट्या प्रकाशनाने जगवलं. मोठ्या प्रकाशनांना त्या पुस्तकात बाजार दिसला नव्हता.

२०२१ च्या मार्चमध्ये विलास वाघ गेले. जवळपास ५० वर्षांचं काम. असा माणूस गेला की आपण काय लिहितो? व्रतस्थ, ध्येयवेडा, निष्कांचन, एकहाती झुंज. यातला प्रत्येक शब्द आदराने येतो, हे मला मान्य आहे. विलास वाघांचं काम छोटं करावं म्हणून मी हे लिहीत नाही. चळवळीतली माणसं विलास आणि उषा ही दोन्ही नावं एका दमात घेत आली आहेत, हेही मला ठाऊक आहे. माझं भांडण त्या माणसांशी नाही. माझं भांडण 'व्रत' आणि 'एकहाती' या दोन शब्दांशी आहे.

आधी 'एकहाती'. पुस्तक काढायचं म्हणजे नेमकं काय काम असतं, ते मी त्या ६४ पानांच्या निमित्ताने शिकले. मजकूर मिळवायचा, लेखकाला चार वेळा निरोप धाडायचे. मुद्रितं तपासायची. कागदाचा भाव काढायचा. बांधणीवाल्याकडून गठ्ठे आणायचे आणि ते घरात पावसापासून, वाळवीपासून सांभाळायचे. पाकिटं करायची, पत्ते लिहायचे, पोस्टात रांग लावायची. सभेच्या मांडवाबाहेर चादर अंथरून पुस्तकं मांडायची. उधारीची वही ठेवायची आणि उधारी मागायची, हे सगळ्यांत अवघड. शिवाय बाहेरगावाहून आलेल्या लेखकाला, कार्यकर्त्याला जेवू घालायचं, रात्री अंथरूण द्यायचं. छोट्या प्रकाशनाचं ऑफिस बहुधा घरातच असतं. घर असलं की स्वयंपाकघर आलं, आणि स्वयंपाकघर कुणाकडे असतं ते मी सांगायला नको. हे शेवटचं काम कुठल्याच हिशेबात येत नाही, ना जमेत, ना खर्चात. घरातल्या गठ्ठ्यांवरून उडी मारून चहा आणणारी बाई त्या संस्थेची भागीदार असते. आपण मात्र तिला 'त्यांना पत्नीची मोलाची साथ लाभली' या अर्ध्या ओळीत बसवतो.

विदर्भात गेलं तर हीच गोष्ट जास्त स्पष्ट दिसते. मोतीरावण कंगाली यांचा जन्म १९४९ चा, रामटेक तालुक्यातल्या दुलारा गावचा. नागपूरला रिझर्व्ह बँकेत नोकरी करत त्यांनी गोंडी भाषा, गोंडी धर्म आणि इतिहास यांवर पुस्तकामागून पुस्तक लिहिलं. २०१५ साली ते गेले. गोंड समाज महाराष्ट्र, मध्य प्रदेश, छत्तीसगड, तेलंगणा अशा राज्यांत वाटला गेलेला असल्यामुळे बहुतेक लेखन त्यांनी हिंदीत केलं. त्या पुस्तकांवर प्रकाशक म्हणून कुठल्या मोठ्या कंपनीचं नाव दिसत नाही. तिथे नाव आहे चंद्रलेखा कंगाली. मोतीरावण यांच्या पत्नी. गोंडी विचारविश्वाची इतकी चर्चा होते, लेखकावर व्याख्यानं होतात, पण प्रकाशक या नात्याने चंद्रलेखाताईंच्या कामावर स्वतंत्र चार पानं लिहावीत असं आपल्याला का वाटलं नाही? त्यांचं नाव तर छापलेलं होतं, कुठे लपवलेलं नव्हतं. आपण ते वाचलं नाही, कारण नवऱ्याच्या पुस्तकावर बायकोचं नाव ही आपल्याला कागदोपत्री सोय वाटली.

गोंदिया जिल्ह्यात सालेकसा तालुक्यात कचारगड आहे. माघ पौर्णिमेला तिथे वेगवेगळ्या राज्यांतून गोंड माणसं जमतात. पुस्तकं, पत्रकं, दिनदर्शिका तिथे जमिनीवर मांडून विकली जातात. ज्या समाजाच्या पुस्तकाला शहरात दुकान नाही, त्याची बाजारपेठ जत्रेत भरते. सहा डिसेंबरला दादरला चैत्यभूमीवर आणि नागपूरला दीक्षाभूमीवर आपण हेच पाहतो. त्याच कचारगडच्या परिसरातले सुन्हेरसिंह ताराम 'गोंडवाना दर्शन' मासिकाचे संपादक होते. १९८० च्या दशकापासून २०१८ मध्ये मृत्यू येईपर्यंत त्यांचं नाव या मासिकाशी जोडलेलं राहिलं. त्यांच्या पत्नी उषाकिरण आत्राम या स्वतः गोंडी, मराठी आणि हिंदीत लिहिणाऱ्या कवयित्री. पुणे, नागपूर, गोंदिया अशा तीन ठिकाणची ही तीन घरं. तिन्ही घरांत दोन दोन माणसं आहेत. एकहाती कुणीच नाही.

आता 'व्रत'. आपल्याकडे व्रतं कोण करतं? वटसावित्री, हरतालिका, सोळा सोमवार. उपास बाईने करायचा, फळ नवऱ्याला आणि घराला. व्रताला मजुरी नसते. व्रत मोडलं तर दोष करणारीचा. आणि सगळ्यांत महत्त्वाचं, व्रत घेणारीला शेजारपाजाऱ्यांनी काही देणं लागत नाही, नमस्कार केला की पुरतं. आदिवासींच्या पुस्तकांना आपण 'व्रत' म्हणतो तेव्हा हेच होतं. सरकार सुटतं, ग्रंथालयं सुटतात, विद्यापीठं सुटतात आणि मैत्रिणींनो, वाचक म्हणून आपणही सुटतो. आपण हार घालतो, पुस्तक मात्र 'भेट प्रत' मागतो. पाहुण्यांनी आटगावात माझं कौतुक केलं, त्यांच्या हातातली प्रतही फुकटची होती.

काही कार्यकर्ते म्हणतात, पैशांची भाषा आली की चळवळीचा धंदा होतो. मी त्यांना आमच्या पुस्तिकेचा हिशेब दाखवते. कागदवाल्याला पैसे मिळाले. छापखान्याला मिळाले, उरलेलेही मिळतील. बांधणीवाल्याला मिळाले, गठ्ठे आणणाऱ्या टेम्पोलाही मिळाले. छापील पुस्तकावर जीएसटी नाही, पण कागदावर आहे, तेव्हा सरकारलाही मिळाले. पैसे फक्त दोन प्रकारच्या बायकांना मिळाले नाहीत. जिने गाणं सांगितलं तिला, आणि जिने पुस्तक उभं केलं तिला. यांना पैसे दिले की धंदा होतो आणि बाकी सगळ्यांना दिले की होत नाही, हे कोणतं तर्कशास्त्र?

सरकारचं सुटणं किती सोपं आहे तेही पाहा. २०११ च्या जनगणनेत भिली आणि तिच्या गटातल्या बोली बोलणारे १ कोटी ४ लाख लोक नोंदले गेले. गोंडी बोलणारे जवळपास २९ लाख ८४ हजार. संस्कृत ही मातृभाषा सांगणारे २४,८२१. राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत संस्कृत आहे, भिली नाही, गोंडीही नाही. २००३ साली घटनादुरुस्ती करून संथाली आणि बोडो या भाषा अनुसूचीत घातल्या गेल्या, म्हणजे करायचं ठरवलं तर होतं. माझा संस्कृतवर राग नाही. पण लाखो माणसं जी भाषा बोलतात, तिच्यातलं पुस्तक एखाद्या घरातल्या पगारातून आणि बाईच्या वेळातून निघावं, आणि त्याला आपण संस्कृतीचं वैभव म्हणावं, याचा राग आहे. इथे आटगावच्या आसपास बोलली जाणारी कातकरी, ठाकरी तर या चर्चेतही नाही. कातकरी हा राज्यातल्या तीन अतिअसुरक्षित आदिवासी समूहांपैकी एक. कोलाम आणि माडिया गोंड हे इतर दोन. समूह असुरक्षित आहे असं सरकारच म्हणतं. मग त्याच्या बोलीला सुरक्षा कुणी द्यायची? व्रत घेतलेल्यांनी?

महाराष्ट्रात सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा १९६७ सालचा आहे. अ, ब, क, ड अशा वर्गांत बसवलेल्या हजारो ग्रंथालयांना सरकारी अनुदान मिळतं. यातल्या प्रत्येक ग्रंथालयाने वर्षाला आदिवासी, भटक्या लेखकांची दहा पुस्तकं रोख पैशांनी, पूर्ण किमतीला घेतली, तर छोट्या प्रकाशकाला पदरमोड करावी लागणार नाही. मी एका वाचनालयात आमची पुस्तिका घेऊन गेले होते. तिथे आधी कमिशन किती ते विचारलं आणि मग सांगितलं, ''मागणी नाही.'' मागणी कोण करणार? पाड्यावरच्या बाईला वाचनालयाची पायरी ठाऊक नाही, आणि जिला ठाऊक आहे तिला तिथे आपल्या घरातला एकही शब्द छापलेला दिसत नाही. आजींच्या नातीला मी विचारलं होतं, घरी बोलता तसं लिहिलेलं पुस्तक कधी पाहिलं का? तिला आधी प्रश्नच कळला नाही. पुस्तक म्हणजे शाळेची भाषा, हे तिने गृहीत धरलं होतं.

पोस्टाचंही असंच. पुस्तकांसाठी सवलतीच्या दराची रजिस्टर्ड बुक पोस्टाची सोय होती. २०२४ च्या डिसेंबरमध्ये ती बंद झाली. मोठ्या प्रकाशकाची पुस्तकं कुरियरने जातात, ऑनलाइन विकली जातात, त्याला फरक पडत नाही. जिचं अख्खं वितरण खाकी पाकिटावर चालतं, तिचा टपालखर्च पुस्तकाच्या किमतीला जाऊन भिडतो. या निर्णयाविरुद्ध जे थोडं बोललं गेलं, ते प्रकाशकांनीच बोललं. वाचक गप्प राहिले. आमच्या तालुक्यातून तानसाचं पाणी १८९२ पासून मुंबईला जातं. नंतर वैतरणा, भातसा झाली. पाणी जातं, लाकूड गेलं, माणसं रोज कसारा लोकलने जातात. मुंबईहून एक पुस्तक आटगावला यायचं म्हटलं, की मात्र ते परवडत नाही.

इथवर लिहून थांबले असते तर सोपं झालं असतं. पण आजींचा प्रश्न पाहुण्यांना नव्हता, मला होता. मी सुशिक्षित, वर्तमानपत्रात आपलं नाव कुठे आलं ते बघणारी. 'पाड्यांवरील महिला' ही ओळ मी लिहिली, कुणी माझ्या हाताला धरून लिहून घेतली नव्हती. घराघरांतल्या बाईचं नाव पुसलं जातं म्हणून मी व्याख्यानं देते आणि माझ्या पुस्तिकेत २३ बायकांची नावं पुसून मोकळी झाले. का? जागा कमी होती म्हणून. जागा माझ्या मनोगताला दोन पानं मिळाली होती.

सत्यशोधकांच्या 'दीनबंधू'ची सुरुवात १८७७ साली कृष्णराव भालेकरांनी केली. नंतर त्याचं संपादन तानूबाई बिर्जे यांच्याकडे आलं आणि पुढे काही वर्षं त्यांनी ते चालवलं. बहुजनांचं पत्र एक बाई शंभराहून जास्त वर्षांपूर्वी चालवत होती आणि पत्रावर संपादक म्हणून तिचं नाव होतं. आम्हाला मात्र २३ नावं जड झाली.

मग आम्ही पुन्हा पाड्यांवर गेलो. प्रत्येकीला विचारलं, तुमचं नाव छापायचं का? मला वाटलं होतं सगळ्या हो म्हणतील. १८ जणी म्हणाल्या. दोघींनी सासरच्या भीतीने नको म्हटलं. तिघींची गाणी वीटभट्टीच्या मालकावर होती आणि यंदाही त्याच मालकाची उचल घेऊन त्या त्याच भट्टीवर जाणार होत्या. त्यांनीही नको म्हटलं. म्हणजे नाव छापणं हा काही आपण बहाल करायचा मान नाही. नाव छापल्यावर त्या बाईला काय सोसावं लागेल, याची जबाबदारीही प्रकाशकाची. ज्यांनी आपल्या समाजासाठी पुस्तकं काढली, त्यांना हे कळत होतं, कारण ते त्याच वस्तीत, त्याच नात्यागोत्यात राहत होते. बाहेरून आलेल्या माझ्यासारखीला ते विचारून घ्यावं लागतं. मी विचारलंच नव्हतं.

आता दुसरी आवृत्ती काढायचं ठरलं आहे. मंडळाच्या बैठकीत जे ठरलं ते इथे लिहिते, म्हणजे मागे फिरता येणार नाही. ज्या हो म्हणाल्या त्यांची नावं गाण्यापाशी आणि मुखपृष्ठाच्या आत. ज्या नको म्हणाल्या, त्यांच्या गाण्यापाशी 'नाव न सांगता' असं स्पष्ट लिहायचं, 'महिला' म्हणून गोळा करायचं नाही. विक्रीतला ठरावीक वाटा गाणी सांगणाऱ्या सगळ्यांना. मुद्रितं तपासणं, पाकिटं करणं, पुस्तकं विकायला बसणं या कामाला दिवसाची मजुरी, निदान वीटभट्टीवर पडते तेवढी. भेट प्रत कुणालाच नाही, पाहुण्यालाही नाही. आणि प्रकाशकाच्या ओळीत संस्थेच्या खाली, हे काम प्रत्यक्ष करणाऱ्या चौघींची नावं.

तुमच्याकडून काय हवं? आपल्या गावच्या ग्रंथालयाच्या सभेत जा आणि यंदा किती आदिवासी, किती भटक्या लेखिकांची पुस्तकं पूर्ण किमतीला घेतली ते विचारा. उत्तर लेखी मागा. ज्या छोट्या प्रकाशनाचं पुस्तक तुम्ही कधी उसनं नेलं असेल, त्याचे पैसे पाठवून द्या. ज्या घरातून पुस्तकं निघाली, त्या घरातल्या बाईकडे वही घेऊन बसा आणि तिच्या कामाचा इतिहास तिच्याच तोंडून लिहून घ्या. तो नवऱ्याच्या गौरवग्रंथातलं परिशिष्ट म्हणून नको. आणि कुणी 'व्रत' म्हणालं की तिथल्या तिथे उठून विचारा, या व्रताचा खर्च कुणाच्या पदरातून जातो?

शेवटची मागणी या त्रैमासिकाच्या संपादक मैत्रिणींकडे. तुम्ही हा अंक हौसेने आणि पदराला खार लावून काढता, ते मला माहीत आहे. तरीही विचारते. या अंकाच्या पाकिटांवर पत्ते कोण लिहितं? टपालात कोण नेऊन टाकतं? अंक निघायच्या आठवड्यात जमलेल्या सगळ्यांसाठी भात कोण टाकतं? तिला त्याचे काय देता? पुढच्या अंकात तिचं नाव छापा. तिला हवं असेल तर.